रचनेचा शोधक : निकोलस स्टेनो

आपला उजवा हात कोपरात वाकवून मूठ घट्ट आवळावी आणि डाव्या हाताची बोटे उजव्या दंडावर ठेवावीत. दंडाचा मांसल भाग आखूड, जाड व टणक झालेला बोटांना जाणवतो. हात पुन्हा सरळ केला, की तोच भाग लांब व मऊ होतो. आखूड होऊन हाडाला ओढणारा हा जो मांसल भाग, त्यालाच स्नायू म्हणतात. चालणे, लिहिणे, घास चावणे, ओझे उचलणे ही सारी कामे स्नायूंच्या बळावर चालतात. आपल्या इच्छेनुसार हालणारे असे सहाशेहून अधिक स्नायू आपल्या शरीरात आहेत.

स्नायू असा जाड व टणक होतो तो कशाने? या प्रश्नाचे उत्तर युरोपातील विद्वानांनी फार प्राचीन काळीच देऊन ठेवले होते. मेंदूतून एक अतिसूक्ष्म द्रव्य निघते, ते मज्जातंतूंच्या वाटेने स्नायूत शिरते आणि पाण्याने पखाल फुगावी तसा त्या द्रव्याने स्नायू फुगतो, असे ते मानीत. स्नायूतील तांबडे मांस हे केवळ रिकाम्या जागेतील भरण आहे, ओढण्याचे काम ते करीत नाही, असाही त्यांचा समज होता. हे सारे जुन्या ग्रंथांत लिहिलेले होते आणि ग्रंथात लिहिले आहे म्हणून ते खरे मानले जात होते. ग्रंथ बाजूला ठेवून प्रत्यक्ष स्नायू हाती घेणारा, त्याचा तंतू न् तंतू निरखणारा आणि त्याच्या रचनेवरूनच त्याचे कार्य ओळखणारा एक थोर शोधक सतराव्या शतकात होऊन गेला. त्याचे नाव नील्स स्टेन्सेन. त्या काळी विद्वानांचे सर्व लेखन लॅटिन भाषेत होत असे. त्यामुळे त्याच्या नावाचे लॅटिन रूप निकोलस स्टेनो हेच जगात अधिक प्रसिद्ध झाले.

स्टेनो यांचा जन्म इ. स. १६३८ च्या जानेवारीत डेन्मार्कची राजधानी कोपनहेगन येथे झाला. त्यांचे वडील स्टेन पेडरसेन हे सोनार होते व राजदरबारासाठी दागिने घडवीत असत. आपल्याकडे मुलाच्या नावापुढे वडिलांचे नाव लावतात, तशीच तेव्हा डेन्मार्कमध्येही रीत होती. स्टेनचा मुलगा तो स्टेन्सेन. नील्स तीन वर्षांचा असताना आजारी पडला आणि त्या दुखण्याने त्याला जवळजवळ तीन वर्षे घरातच ठेवले. बरोबरीची मुले अंगणात खेळत, तेव्हा हा लहानगा मोठ्या माणसांच्या सहवासात बसून त्यांचे बोलणे ऐकत असे. तो बरा होतो न होतो तोच, इ. स. १६४४ मध्ये, त्याचे वडील वारले. पुढे आईने दुसरा विवाह केला.

संकटे एवढ्यावर थांबली नाहीत. नील्स शाळेत शिकत असता इ. स. १६५४ मध्ये कोपनहेगनात प्लेगची भयंकर साथ आली. तिने शहरातील हजारो माणसांचा बळी घेतला. नील्सच्या शाळेतील कितीतरी मुले त्या साथीत दगावली. इ. स. १६५६ मध्ये त्याने वैद्यकशास्त्र शिकण्यासाठी विद्यापीठात प्रवेश केला. तेथे थॉमस बार्थोलिन हे नामांकित शरीररचनाशास्त्रज्ञ त्याला मार्गदर्शक लाभले. परंतु दोनच वर्षांनी स्वीडनच्या सैन्याने कोपनहेगनला वेढा घातला. विद्यार्थ्यांनाही शहराच्या रक्षणासाठी तटावर उभे राहावे लागले. त्यांच्या पथकात नील्सचेही नाव होते. अशा धामधुमीतही त्याचे वाचन चालूच होते. वाचलेले व सुचलेले तो एका वहीत टिपून ठेवी. त्या टिपणांना त्याने केऑस, म्हणजे गोंधळ, असे नाव दिले होते. गॅलिलिओ, केप्लर, देकार्त अशा थोर शास्त्रज्ञांचे विचार त्याने त्या वहीत उतरविले होते.

युद्ध संपले आणि इ. स. १६६० मध्ये स्टेनो पुढील शिक्षणासाठी हॉलंडमध्ये गेले. अ‍ॅम्स्टरडॅम येथे ते ब्लासियस नावाच्या एका प्राध्यापकाच्या घरी राहू लागले. त्यांच्या वयाला तेव्हा बावीस वर्षे झाली होती. एके दिवशी त्यांनी मेंढीचे एक डोके विकत आणले व ते एकटेच त्याचे विच्छेदन करू लागले. मेंदूकडे वळण्यापूर्वी गालातील रक्तवाहिन्या पाहाव्यात, म्हणून त्यांनी एका वाहिनीत बारीक सळई घातली. ती सळई थोडी पुढे सरकली आणि एकदम मोकळ्या पोकळीत शिरून दातांवर आपटली. दातांवर झालेला तो आवाज स्टेनो यांच्या कानांनी टिपला. ही रक्तवाहिनी नव्हे, हे त्यांनी ओळखले. कानाजवळील ग्रंथीत तयार होणारी लाळ तोंडात आणून सोडणारी ती नलिका होती. तोपर्यंत ती फारशी कोणाच्या ध्यानात आली नव्हती.

हा शोध त्यांनी मोठ्या आनंदाने ब्लासियस यांना दाखविला. ब्लासियस यांनी आधी त्याला महत्त्व दिले नाही आणि पुढे मात्र तो शोध आपलाच असल्याचे जाहीर केले. स्टेनो यांच्यावर चोरीचा आरोप आला. तरुण, परदेशी व एकाकी विद्यार्थ्याच्या बाजूने उभे राहणार तरी कोण? स्टेनो यांनी आपली बाजू मांडली, पण केवळ वाद घालीत ते बसले नाहीत. ज्याने नलिका खरोखर शोधली, त्याला अशाच इतर ग्रंथींचेही ज्ञान असले पाहिजे, हे त्यांनी कृतीने दाखविले. तोंड, नाक व डोळे यांच्या आसपासच्या ग्रंथी त्यांनी एकामागून एक तपासल्या. अश्रू कोठे तयार होतात व कोणत्या वाटेने डोळ्यांत येतात, याचे वर्णन केले. इ. स. १६६२ मध्ये हे सारे ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाले व वाद आपोआप मिटला. लाळेची ती नलिका आजही जगभर स्टेनो यांच्याच नावाने ओळखली जाते.

या सुमारास स्टेनो लायडन येथील विख्यात विद्यापीठात शिकत होते. यान स्वामरडाम हा त्यांचा तेथील मित्र. पुढे कीटकांचा मोठा अभ्यासक म्हणून तो प्रसिद्धीस आला. ग्रंथींचा अभ्यास चालू असतानाच स्टेनो यांचे लक्ष हृदयाकडे वळले. रक्त शरीरात सतत फिरत असते, हे इंग्लंडमधील विल्यम हार्वी यांनी इ. स. १६२८ मध्ये सिद्ध केले होते. तथापि हृदय स्वतः काय आहे, याविषयी मतभेद होते. हृदय हे शरीरातील उष्णतेचे उगमस्थान आहे, त्याचे द्रव्य इतर मांसाहून निराळे व श्रेष्ठ आहे, असे पुष्कळांना वाटे. कोणी ते आत्म्याचे आसन मानीत. देकार्त यांच्या मते तर हृदयातील उष्णतेने रक्त प्रसरण पावे आणि त्यामुळेच ते रक्तवाहिन्यांत लोटले जाई.

स्टेनो यांनी यांपैकी कोणाचेही मत आधी गृहीत धरले नाही. त्यांनी प्राण्यांची हृदये घेतली, त्यांवरील आवरणे हलक्या हाताने काढली आणि आतील तंतूंचा माग घेतला. ते तंतू वरून खाली टोकाकडे जात, तेथे वळसा घेत व पुन्हा वर येत. मग त्यांनी हातापायांतील साधे स्नायू तसेच उलगडले व दोहोंची तुलना केली. स्नायूत काय असते? तंतू, आवरणे, रोहिण्या, नीला आणि मज्जातंतू. हृदयात काय आढळले? तंतू, आवरणे, रोहिण्या, नीला आणि मज्जातंतू. स्नायूत जे आहे त्यापैकी हृदयात काही उणे नाही आणि स्नायूत जे नाही असे हृदयात काही अधिकही नाही. तेव्हा हृदय हा एक स्नायूच आहे, असा निर्णय त्यांनी दिला. इ. स. १६६४ मध्ये स्नायू व ग्रंथी यांवरील त्यांचा ग्रंथ कोपनहेगन येथे प्रसिद्ध झाला, त्यात हा निर्णय आहे. वयाच्या सव्विसाव्या वर्षी त्यांनी दीड हजार वर्षांच्या समजुतीला धक्का दिला होता. हृदयाचे तंतू शाखायुक्त असतात व ते आपल्या इच्छेविना अखंड काम करतात, म्हणून आजचे शास्त्रज्ञ हृदयस्नायूचा निराळा प्रकार मानतात. पण हृदय आकुंचन पावूनच रक्त पुढे ढकलते आणि ते काम त्याचे तंतू करतात, ही स्टेनो यांची मूळ गोष्ट आजही तशीच खरी आहे.

ज्या वर्षी हा ग्रंथ निघाला, त्याच वर्षी स्टेनो यांची आई वारली. कोपनहेगनच्या विद्यापीठात अध्यापकाची जागा मिळेल अशी त्यांना आशा होती. ती जागाही दुसऱ्यास मिळाली. मातृभूमीत आता त्यांना बांधून ठेवणारे फारसे काही उरले नव्हते. ते पॅरिसला गेले. तेथे इ. स. १६६५ मध्ये विद्वानांच्या सभेत मेंदूविषयी त्यांचे भाषण झाले. मेंदूविषयी आपण फार थोडे जाणतो, हे त्यांनी आरंभीच मोकळ्या मनाने सांगून टाकले आणि देकार्त यांनी केलेल्या वर्णनाशी प्रत्यक्ष मेंदू कसा जुळत नाही, हे दाखवून दिले. पुढल्या वर्षी ते इटलीतील फ्लॉरेन्स नगरात पोहोचले. तेथील राजे ग्रँड ड्यूक फर्डिनांड हे विद्येचे चाहते होते. त्यांनी स्टेनो यांना आश्रय दिला. गॅलिलिओंचे अखेरचे शिष्य व्हिव्हियानी हे नामांकित गणिती तेथे स्टेनो यांचे स्नेही झाले.

स्नायूचे कोडे सोडविण्यासाठी गणिताचा उपयोग करावा, हा विचार या नगरीत पक्का झाला. इ. स. १६६७ मध्ये स्टेनो यांचा स्नायूंच्या भौमितिक वर्णनाचा ग्रंथ फ्लॉरेन्स येथे छापला गेला. युक्लिडच्या भूमितीप्रमाणे त्यात आधी व्याख्या, मग गृहीतके आणि त्यांवरून निघणारे सिद्धांत अशी मांडणी आहे.

त्या ग्रंथात सांगितलेली स्नायूची रचना समजावून घेण्यासाठी कडब्याचा भारा डोळ्यांपुढे आणावा. ज्वारीची ताटे एकत्र बांधून पेंढी होते आणि पेंढ्या एकत्र बांधून भारा होतो. स्नायूही असाच बांधलेला असतो. अगदी बारीक तंतुक एकत्र येऊन तंतू होतो, तंतूंची जुडी बनते आणि अशा अनेक जुड्या मिळून अवघा स्नायू होतो. प्रत्येक जुडीभोवती पातळ पडद्याचे वेष्टन असते. स्टेनो यांनी पाहिले, की प्रत्येक तंतूचा मधला भाग मऊ, जाड व तांबडा असतो आणि दोन्ही टोकांचा भाग बारीक, चिवट व पांढरा असतो. तांबड्या भागांचा समुदाय म्हणजे मांस आणि पांढऱ्या टोकांचा समुदाय म्हणजे कंडरा. कंडरा ही स्नायूला हाडाशी बांधणारी दोरी होय. टाचेच्या वर, घोट्याच्या मागे चाचपले असता एक जाड, ताठ कंडरा सहज हाताला लागते. तात्पर्य, मांस हे रिकाम्या जागेतील भरण नाही. ओढण्याचे काम मांसातील तंतूच करतात आणि कंडरा ती ओढ हाडापर्यंत नेऊन पोहोचविते.

स्टेनो यांनी आणखी एक गोष्ट पाहिली. पुष्कळ स्नायूंमध्ये तंतू स्नायूच्या लांबीच्या दिशेने सरळ जात नाहीत. एका बाजूच्या कंडरेपासून निघून ते तिरपे जातात आणि समोरच्या बाजूच्या कंडरेला मिळतात. सारे तंतू एकमेकांना समांतर असतात. अशा स्नायूचा उभा छेद घेतला तर मांसाचा आकार समांतरभुज चौकोनासारखा दिसतो. आता हे तिरपे तंतू आखूड झाले तर काय होईल? दोन्ही कंडरा एकमेकींच्या जवळून सरकतील, तंतू पूर्वीपेक्षा अधिक तिरपे होतील, स्नायूची लांबी कमी होईल आणि त्याच वेळी मधला भाग जाड होईल. बाहेरून काहीही आत यावे लागणार नाही. मातीचा लांबट गोळा दोन्ही टोकांकडून दाबला, तर तो आखूड व जाड होतो. माती काही वाढत नाही. त्याचप्रमाणे स्नायू जाड झाला म्हणून त्याचे घनफळ वाढले असे होत नाही. हेच स्टेनो यांनी भूमितीने सिद्ध केले. पखालीची उपमा त्यामुळे निराधार ठरली. तंतू मुळात आखूड का होतात, हा प्रश्न मात्र शिल्लक होता. त्याचे उत्तर आपणास ठाऊक आहे, असा आव स्टेनो यांनी आणला नाही.

याच ग्रंथाच्या अखेरीस एका प्रचंड माशाच्या डोक्याचे वर्णन आहे. इ. स. १६६६ च्या ऑक्टोबरमध्ये लिव्होर्नोजवळच्या समुद्रात कोळ्यांना एक मोठा शार्क मासा सापडला. ग्रँड ड्यूकच्या आज्ञेने त्याचे डोके फ्लॉरेन्सला आणून स्टेनो यांच्या हवाली करण्यात आले. त्याचे स्नायू व दात पाहताना स्टेनो यांना जीभदगडांची आठवण झाली. जिभेच्या आकाराचे हे दगड डोंगरांतील खडकांत सापडत. ते आकाशातून पडतात किंवा खडकातच उगवतात, असा लोकांचा समज होता. शार्कच्या दातांशी त्यांचे साम्य स्टेनो यांनी बारकाईने दाखविले आणि हे दगड म्हणजे फार पूर्वीच्या शार्क माशांचे दातच असले पाहिजेत, असे प्रतिपादन केले. पण मग समुद्रातील माशांचे दात डोंगरात कसे? हे शोधण्यासाठी ते टस्कनीच्या डोंगरदऱ्यांतून हिंडले. खडकांचे थर एकावर एक गाळ साचून बनतात, खालचा थर आधीचा व वरचा नंतरचा असतो, हा नियम त्यांनी इ. स. १६६९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात मांडला. भूगर्भशास्त्राच्या पायाभूत नियमांत आज त्याची गणना होते. स्नायूत जसे तंतू, तसे डोंगरात थर. दोन्ही ठिकाणी रचनेवरून कारण शोधण्याची दृष्टी एकच होती.

यानंतर स्टेनो यांच्या आयुष्याला वेगळेच वळण लागले. इ. स. १६६७ मध्ये त्यांनी कॅथलिक पंथ स्वीकारला होता. इ. स. १६७२ मध्ये डेन्मार्कच्या राजाने त्यांना कोपनहेगनला बोलावून घेतले. तेथे त्यांनी दोन वर्षे शरीररचनाशास्त्र शिकविले. परंतु त्यांचे मन धर्मकार्याकडे ओढ घेत होते. इ. स. १६७५ मध्ये ते धर्मोपदेशक झाले व दोन वर्षांनी बिशप झाले. उत्तर जर्मनीत त्यांनी उरलेले आयुष्य घालविले. जवळ असेल ते गरिबांना द्यावे, आपण साध्या वस्त्रांत व अर्धपोटी राहावे, असा त्यांचा क्रम होता. कष्टांनी शरीर झिजत गेले आणि ५ डिसेंबर १६८६ रोजी श्वेरीन येथे, वयाच्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी त्यांचे निधन झाले. त्यांचा देह पुढे फ्लॉरेन्सला नेण्यात आला व तेथील सान लोरेन्झो या चर्चमध्ये त्यांना विश्रांती मिळाली.

स्नायूंविषयीच्या त्यांच्या सिद्धांताचे पुढे काय झाले? तो लवकरच बाजूला पडला. इटलीतील बोरेल्ली यांनी प्राण्यांच्या हालचालींवर मोठा ग्रंथ लिहिला. इ. स. १६८०-८१ मध्ये तो प्रसिद्ध झाला. स्नायूत रस मिसळून उकळी फुटल्यासारखी खळबळ होते व त्यामुळे तो फुगतो, असे त्यांनी मांडले. स्वित्झर्लंडमधील थोर गणिती योहान बर्नुली यांनीही स्टेनो यांचे म्हणणे मानले नाही. एवढ्या मोठ्या विद्वानांपुढे स्टेनो यांच्या समांतरभुज चौकोनाकडे कोण पाहणार? वास्तविक त्यांचा मित्र स्वामरडाम याने बेडकाचा स्नायू काचेच्या बंद नळीत ठेवून एक सुंदर प्रयोग केला होता. नळीच्या बारीक तोंडाशी पाण्याचा थेंब होता. स्नायू फुगून मोठा होत असेल, तर तो थेंब वर चढला पाहिजे. स्नायू आकुंचन पावला, पण थेंब वर चढला नाही. तथापि हा प्रयोग स्वामरडाम याच्या मृत्यूनंतर कित्येक वर्षांनी, अठराव्या शतकात छापला गेला. तोवर स्टेनो यांचा ग्रंथ बहुतेकांच्या विस्मृतीत गेला होता.

सूक्ष्मदर्शक यंत्रे जसजशी सुधारत गेली, तसतशी स्नायूची आतील रचना अधिकाधिक उलगडत गेली. हॉलंडमधील लेव्हेनहुक यांनी सतराव्या शतकातच स्नायूच्या तंतूंवरील आडवे पट्टे पाहिले होते. आज आपणास ठाऊक आहे, की एक स्नायुतंतू म्हणजे एकच लांबट पेशी होय. तिची जाडी मिलिमीटरच्या शंभराव्या भागापासून दहाव्या भागापर्यंत असते. तंतूच्या आत त्याहूनही बारीक तंतुक ओळीने मांडलेले असतात. त्या तंतुकांत प्रथिनांचे जाड व पातळ असे दोन प्रकारचे धागे एकमेकांत शिरलेले असतात. दोन्ही हातांची बोटे एकमेकांत सरकवावी तसे हे धागे एकमेकांत सरकतात, म्हणून तंतू आखूड होतो. इ. स. १६६७ मध्ये शिल्लक राहिलेल्या प्रश्नाचे हे उत्तर इ. स. १९५४ मध्ये मिळाले. अँड्र्यू हक्सली व रोल्फ नीडरगेर्के, तसेच ह्यू हक्सली व जीन हॅन्सन या शास्त्रज्ञांच्या दोन जोड्यांनी ते स्वतंत्रपणे शोधले. मज्जातंतूंतून स्नायूकडे येते ते फुगविणारे द्रव्य नव्हे, तर केवळ काम सुरू करण्याचा विद्युत्संदेश असतो.

तंतूंच्या मांडणीचे महत्त्वही पुढे पूर्णपणे ध्यानात आले. कमरेच्या हाडापासून मांडीवरून तिरपा जात गुडघ्याच्या आतल्या बाजूस खाली पोहोचणारा एक अरुंद स्नायू आहे. तो शरीरातील सर्वांत लांब स्नायू होय. आपण मांडी घालून बसतो, तेव्हा तो पाय वळविण्यास मदत करतो. त्याचे तंतू लांब व एकमेकांना समांतर असतात, म्हणून तो पुष्कळ आखूड होऊ शकतो. पोटरीच्या स्नायूची मांडणी याहून निराळी आहे. मोराच्या पिसात मधल्या दांड्याला दोन्ही बाजूंनी तिरपे केस जोडलेले असतात, तसे पोटरीचे आखूड तंतू कंडरेला तिरपे जोडलेले असतात. अशा स्नायूंना पिच्छाकार स्नायू म्हणतात. या मांडणीमुळे थोड्या जागेत पुष्कळ तंतू बसतात. रस्सीखेचीत ओढणारे हात वाढले की जोर वाढतो, तसाच येथे तंतू वाढल्याने जोर वाढतो. तंतू आखूड असल्यामुळे हा स्नायू फार लांब ओढू शकत नाही. परंतु टाच उचलून साऱ्या देहाचा भार पेलण्याचे बळ त्याला लाभते. जेथे लांब हालचाल हवी तेथे सरळ तंतू आणि जेथे जोर हवा तेथे तिरपे तंतू, अशी ही योजना आहे.

विसाव्या शतकाच्या अखेरीस शास्त्रज्ञ अशा पिच्छाकार स्नायूंचे गणित संगणकावर मांडू लागले. तंतू आखूड होतात, त्यांचा तिरपेपणा वाढतो आणि स्नायूचे घनफळ जवळजवळ तेवढेच राहते, हे त्या गणिताचे मुख्य सूत्र होते. तेव्हा स्टेनो यांच्या जुन्या ग्रंथाकडे अभ्यासकांचे पुन्हा लक्ष गेले. त्यातील आकृत्या पाहून त्यांना आश्चर्य वाटले. तिरप्या समांतर तंतूंचा तोच समांतरभुज चौकोन तेथे तीनशेहून अधिक वर्षांपूर्वी काढलेला होता. इ. स. १९९४ मध्ये स्टेनो यांचे स्नायूंवरील लेखन इंग्रजी भाषांतरासह पुन्हा प्रसिद्ध झाले.

स्टेनो यांच्यापाशी मोठी यंत्रे नव्हती. साधी सुरी, बारीक सळई, कागद, लेखणी आणि भूमितीचे ज्ञान एवढ्याच साधनांवर त्यांनी काम केले. मोठ्यांचे मत काय आहे, यापेक्षा समोरची वस्तू कशी रचलेली आहे, याकडे त्यांनी अधिक लक्ष दिले. जेवढे दिसले तेवढे निर्भयपणे सांगितले आणि जे कळले नाही, ते कळल्याचा बहाणा केला नाही. त्यांच्या हयातीत या सत्याला मान मिळाला नाही. पण प्रत्येक वेळी आपण हात उचलतो, पाऊल टाकतो किंवा उडी मारतो, तेव्हा त्यांनी वर्णन केलेल्या तंतूंच्या जुड्याच आपले हाड ओढीत असतात.